उत्तर जपानांतील एक वाटाड्या

छत्तीस वर्षें मीं शाळेंत इतिहास आणि भूगोल हे विषय शिकविले. भिंतीवर नकाशा टांगावा, हातांत छडी घ्यावी, थोर प्रवाशांचे मार्ग मुलांना दाखवावे आणि त्यांचीं नांवें व सनें पाठ करून घ्यावीं, हा माझा नित्याचा क्रम होता. परंतु त्या प्रवाशांच्या पुढें चालणारा, त्यांना वाट दाखविणारा आणि परक्यांचें बोलणें समजावून सांगणारा मनुष्य कोण होता, हा प्रश्न मीं एकदांही फळ्यावर लिहिला नाहीं. कोणा मुलानें तो विचारला असता, तर मला उत्तरही देतां आलें नसतें. मॅट्रिकपलीकडे माझें शिक्षण नाहीं, आणि संशोधक म्हणवून घेण्याचा माझा अधिकारही नाहीं. पण नोकरींतून मोकळा झाल्यावर सवडीनें वाचूं लागलों, तेव्हां ही उणीव माझ्या ध्यानांत आली. तिची थोडीशी भरपाई म्हणून आज एका जपानी वाटाड्याची हकीकत आपणांपुढें ठेवीत आहें.

ज्या बाईला त्यानें वाट दाखविली, तिचें नांव इसाबेला बर्ड. १८३१ सालीं इंग्लंडांतील यॉर्कशायर परगण्यांत तिचा जन्म झाला. लहानपणापासून तिला पाठीच्या कण्याचें दुखणें होतें. वैद्यांनीं हवापालटासाठीं प्रवास सांगितला, आणि हें औषध तिला असें कांहीं मानवलें कीं, घरीं अंथरुणाला खिळणारी ही बाई परदेशीं घोड्यावर बसून डोंगर ओलांडूं लागली. १८७८ च्या मे महिन्यांत ती योकोहामा बंदरांत उतरली, तेव्हां तिला ४६ वर्षें पुरीं झालीं होतीं.

त्या वेळचा जपान कसा होता हें थोडक्यांत सांगितलें पाहिजे. १८६८ सालीं जुनी शोगुनशाही मोडून सम्राटाच्या नांवानें नवें राज्य सुरू झालें. १८७२ सालीं टोकियो आणि योकोहामा यांच्या दरम्यान आगगाडी धांवूं लागली. परंतु हा सारा नवेपणा राजधानीच्या आसपासचा. उत्तरेकडील डोंगराळ मुलुखांतील बरीच संस्थानें १८६८ च्या लढाईंत हरणाऱ्या पक्षास होतीं. आइझूच्या संस्थानिकाचा वाकामात्सु येथील किल्ला वेढा पडून शरण आला, त्याला अवघीं दहा वर्षें लोटलीं होतीं. आगगाडी तिकडे जाण्यास अद्याप अवकाश होता; आओमोरीपर्यंत ती १८९१ सालीं पोंचली.

शिवाय परकीयांस देशांत मोकळेपणीं हिंडण्याची परवानगी नव्हती. करारानें खुल्या झालेल्या बंदरांपासून १० री, म्हणजे सुमारें २५ मैल, एवढीच त्यांची हद्द. त्यापलीकडे जावयाचें तर सरकारी परवाना हवा. इंग्रज वकील सर हॅरी पार्क्स यांनीं बर्डबाईला असा परवाना मिळवून दिला कीं, टोकियोच्या उत्तरेस तिनें कोणत्याही वाटेनें जावें. परवान्यांत मनाईचीं कलमें मात्र होतीं. रानांत आग पेटवूं नये, शेतें तुडवूं नयेत, देवळांच्या भिंतींवर कांहीं खरडूं नये. हें शेवटचें कलम आपल्याही उपयोगाचें आहे.

परवाना मिळाला, आतां माणूस हवा. योकोहामांत नोकर-दुभाष्याच्या जागेसाठीं पुष्कळ उमेदवार येऊन गेले. कोणी झोंकदार विलायती पोशाख करून आला, पण त्याचें इंग्रजी पोशाखाइतकें पक्कें नव्हतें. अखेर एक ठेंगणा, वांकड्या पायांचा तरुण आला. उंची चार फूट दहा इंच. शिफारसपत्र मागतांच, तें घराला लागलेल्या आगींत जळालें, असें त्यानें सांगितलें. त्याचा चेहरा इतका मठ्ठ दिसे कीं बाईला प्रथम त्याचा संशयच आला. पण मधूनच त्याची नजर अशी चपळपणें फिरे कीं, हा मठ्ठपणा निम्मा तरी ओढूनताणून आणलेला असावा, असेंही तिला वाटलें. त्यानें सांगितलें कीं, मी मेरीज नांवाच्या वनस्पतिसंग्राहकाबरोबर उत्तर जपान पाहिला आहे, मला थोडा स्वयंपाक येतो, इंग्रजी लिहितां येतें, आणि मी दिवसाला २५ मैल चालूं शकतों. पगार महिना १२ डॉलर ठरला. एका महिन्याची रक्कम त्यानें आगाऊ मागून घेतली. ह्या तरुणाचें नांव इतो. बाईच्या पुस्तकभर एवढेंच नांव येतें. त्याचें पूर्ण नांव त्सुरुकिची इतो होतें, तो मिउरा द्वीपकल्पांतील राहणारा होता आणि बाईनें लिहिल्याप्रमाणें १८ वर्षांचा नसून २० वर्षांचा होता, हें पुढें संशोधकांनीं शोधून काढलें.

१० जून १८७८ रोजीं मंडळी टोकियोहून निघाली. तीन रिक्षा, त्या ओढणारे तिघे धांवते गडी, एकींत बाई, एकींत इतो, एकींत सामान. रिक्षा हा आपल्या मराठींत रुळलेला शब्द मूळचा जपानीच आहे. सामानांत घडीची खुर्ची, कापडी खाट, रबराचें स्नानपात्र आणि जपानचा एक मोठा नकाशा. निक्कोच्या प्रसिद्ध देवळांपर्यंत रिक्षा चालल्या. पुढें ओझ्याचे घोडे. त्यांच्या पायांना नाल नसत. भाताच्या पेंढ्याचे जोडे असत, आणि ते कांहीं मैलांतच झिजून जात.

निक्कोपासून पुढें आइझूच्या डोंगरांतला जो प्रवास झाला, तो वाचतांना मन खिन्न होतें. पावसाळ्याचे दिवस, चिखलाच्या वाटा, धुरानें कोंदलेलीं घरें, पिसवांनीं भरलेल्या चटया. दारिद्र्य असें कीं अंगावर धड वस्त्र नाहीं. मुलांच्या अंगांवर खरूज आणि नायटे. एका खेड्यांत बाईनें एका आजारी मुलाला औषधाचे थोडे थेंब दिले. दुसऱ्या दिवशीं पहाटे दारापुढें रोग्यांची गर्दी लोटली. कडेवर मुलें घेतलेले आईबाप, आंधळे, फोडांनीं भरलेले! बाईजवळ औषधांचा सांठा नव्हता. तिनें सांगितलें कीं, मला हे रोग बरे करतां येत नाहींत. परंतु कपडे आणि अंग वारंवार धुतल्यानें आमच्या देशांत असले त्वचारोग टळतात आणि बरेही होतात.

येथें मी पुस्तक मिटून क्षणभर थांबलों. हें बोलणें बाईनें इंग्रजींत केलें. तें त्या गांवकऱ्यांच्या कानांवर जपानींत घातलें इतोनें. तो स्वदेशाचा कट्टर अभिमानी होता. परकीयांच्या रीतींना तो नांवें ठेवीत असे. आपलेच देशबांधव नागवे आणि रोगी उभे आहेत, परकी बाई पाहते आहे, आणि अंग धूत जा हा उपदेश आपल्याच तोंडून त्यांना करावयाचा, हा प्रसंग त्या वीस वर्षांच्या पोरानें कसा निभावला असेल? तो रोज एका वहींत टिपणें लिहीत असे, हें बाईनेंच सांगितलें आहे. ती वही आज आपल्या हातीं नाहीं. आपणांस मिळतें तें बाईचें पुस्तक.

आइझू ओलांडून त्सुगावा येथें मंडळी नावेंत बसली आणि ४५ मैलांचा जलप्रवास आठ तासांत करून निइगाता बंदरास पोंचली. तेथून पुन्हां डोंगर. एकामागून एक घाट चढावे आणि उतरावे, असें करीत जुलै महिन्यांत ती योनेझावाच्या मैदानांत उतरली, आणि चित्र एकदम पालटलें! भात, कापूस, मका, तंबाखू, नीळ, वांगीं, काकड्या, अक्रोड, डाळिंबें यांनीं बहरलेली भूमि; जमीन कसणाऱ्याच्याच मालकीची. ख्रिस्ती पुराणांतील नंदनवनाची उपमा बाईनें ह्या मैदानाला दिली आहे.

माणसेंही तशींच. एकदां सामानाचा एक पट्टा वाटेंत पडला. अंधार पडला असतांही घोडेवाला एक री मागें जाऊन तो शोधून घेऊन आला. बाई त्याला पैसे देऊं लागली, तेव्हां तो म्हणाला कीं, सर्व वस्तु मुक्कामीं नीट पोंचविणें हें माझें कामच आहे. आणि त्यानें पैसे घेतले नाहींत. दुसऱ्या एका गांवीं उन्हानें शिणलेल्या बाईला घरांतल्या बायकांनीं तासभर पंख्यानें वारा घातला आणि मोबदला म्हणून कांहींच घेतलें नाहीं. उलट खाऊची पुडी बरोबर दिली.

ह्या सर्व व्यवहारांत इतो कोठें होता? सर्वत्र होता. पुढच्या वाटेची चौकशी, घोडे मिळविणें, बिछाना पिसवांपासून शक्य तितका दूर ठेवणें, पोलिसांस परवाना दाखविणें, शेंकडों बघ्यांना समजावणें, हीं सारीं कामें त्याचीं. रात्रीं तो बाईकडून शिकलेले नवे इंग्रजी शब्द वहींत उतरवी, आणि एखादा शब्द सभ्य कीं असभ्य तें विचारून घेई. कारण बंदरांतल्या गोऱ्यांच्या तोंडून त्यानें नको ते शब्द ऐकलेले होते. तो साधुपुरुष नव्हता. प्रत्येक देण्याघेण्यांत तो आपली दस्तुरी काढी, आणि बाई तें ओळखून होती.

त्याचें मोठें लबाडीचें कृत्य हाकोदाते येथें उघड झालें. तेथें मेरीज भेटला आणि म्हणाला कीं, हा माझा करारानें बांधलेला नोकर. महिना ७ डॉलरांवर होता, तुम्ही १२ दिलेत म्हणून पळाला. बाई ओशाळली. एझो बेटाची, म्हणजे आजच्या होक्काइदोची, फेरी संपल्यावर इतोला परत करण्याचें तिनें मान्य केलें. हा मेरीज पुढें हिंदुस्थानांत आला, दरभंग्याच्या व नंतर ग्वाल्हेरच्या शिंदे सरकारच्या बागांचा अधिकारी झाला आणि १९०२ सालीं ग्वाल्हेरासच वारला.

एझोंत बाईला ऐनू नांवाच्या मूळच्या रहिवाशांस पाहावयाचें होतें. इतोच्या मनांत त्यांच्याविषयीं तुच्छता होती. त्यांना माणसांत गणण्यास तो तयार नव्हता. बाईनें त्याला बजावलें कीं, त्यांच्याशीं अदबीनेंच बोललें पाहिजे. बिरातोरी गांवांत ऐनूंनीं आपले आचार, देवदैवतें, शब्द, सर्व सांगितलें. पण विनविलें कीं, हें जपानी सरकारला कळवूं नका, आमच्यावर संकट येईल. श्रोतेहो, ही विनंती ज्याच्या तोंडून बाईपर्यंत पोंचली, तो दुभाष्या जपानीच होता! त्यानें ती गाळली नाहीं, म्हणूनच ती आज आपणांस ठाऊक आहे. ऐनूंच्या घरांतील माहितीचे पाश्चात्त्य वाचकांपर्यंत पोंचलेले कितीएक कण ह्या तिरस्कार करणाऱ्या पण कामास चोख अशा तरुणाच्या जिभेवरून गेले आहेत.

सप्टेंबरांत हाकोदाते येथें दोघांची ताटातूट झाली. त्याच्यावांचून आपलें फार अडेल, अशी खंत बाईनें लिहून ठेविली आहे. १८८० सालीं तिचें पुस्तक निघालें आणि गाजलें. १८९२ सालीं लंडनच्या रॉयल जिऑग्रफिकल सोसायटीनें तिला सभासद करून घेतलें. १९०४ सालीं ती वारली. इतो पुढें योकोहामांतील नाणावलेला दुभाष्या झाला आणि १९१३ सालीं मरण पावला. २००५ सालीं क्योको नाकाजिमा ह्या जपानी लेखिकेनें त्याच्या आठवणी कल्पनेनें रचून एक कादंबरी लिहिली. खरी वही नाहीं, म्हणून कल्पिलेली वही लिहावी लागली.

बर्डबाई ज्या ओउची नांवाच्या खेड्यांत उतरली होती, त्याला बाजूला टाकून १८८४ सालीं नवा रस्ता गेला. व्यापार बुडाला; पण त्यामुळेंच जुनीं गवती छपराचीं घरें वांचलीं, आणि १९८१ पासून सरकारनें तीं जतन करण्याचें ठरविलें. आज देशोदेशींचे लोक तीं पाहण्यास जातात. कित्येकजण खाजगी वाटाड्या ठरवूनही जातात. १९४९ च्या कायद्यानें जपानांत पैसे घेऊन परकीयांस दुभाष्या-वाटाड्या म्हणून फिरविण्यास सरकारी परीक्षा व परवाना लागे. २०१८ पासून ती सक्ती उठली.

आपणांपैकीं कोणी त्या बाजूस, किंवा अन्य कोठेंही, वाटाड्या घेऊन जाल, तेव्हां माझी एवढीच विनंती आहे. जें पाहाल तें त्याच्या डोळ्यांनीं आणि जें ऐकाल तें त्याच्या शब्दांनीं, हें विसरूं नका. त्याला आवडतें काय, लाज कशाची वाटते, तो गप्प कोठें राहतो, इकडेही लक्ष असूं द्या. आणि परतल्यावर प्रवासाची वही लिहाल, तेव्हां पहिल्या पानावर त्याचें नांव लिहा. नुसतें आडनांव नव्हे, पूर्ण नांव. माझ्या जुन्या विद्यार्थ्यांपैकीं कोणी हें भाषण ऐकत असतील, तर त्यांनींही नकाशावरच्या त्या वाटेवर इसाबेला बर्ड ह्या नांवाशेजारीं त्सुरुकिची इतो हें नांव लिहून घ्यावें. तें तुम्हांला सांगण्यास मला उशीर झाला.