अकराव्या वर्षी संपलेलं बालपण

परवा आमची भाची 11 वर्षांची झाली. केक कापला आणि मैत्रिणींबरोबर सायकल घेऊन जी पळाली, ती रात्री नऊपर्यंत गायब! तिची वाट बघताना मला आठवली ती रखमाबाई.

मुंबईत 1864 साली जन्मलेली ही मुलगी. 11व्या वर्षी तिचं लग्न झालं. नवरा दादाजी भिकाजी. शाळा सुटली ती तिथेच. पण लग्नानंतरही ती आईकडेच राहिली. सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन सुधारकी वळणाचे, त्यामुळे घरी वाचन चालू राहिलं. आणि मोठी झाल्यावर तिने नांदायला जायला चक्क नकार दिला.

1884 मध्ये दादाजी कोर्टात गेला. गंमत बघा, बायकोला नांदायला लावण्याचा हा दावा आपल्या धर्मशास्त्रातला नव्हेच, तो आला इंग्लंडच्या कायद्यातून! 1885 मध्ये न्या. पिन्ही यांनी तिच्या बाजूने निकाल दिला. अपिलात तो फिरला. मार्च 1887 मध्ये न्या. फॅरन यांचा हुकूम आला: महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. 22 वर्षांच्या रखमाबाईचं उत्तर सरळ होतं. तुरुंग चालेल. टिळकांचा 'केसरी'ही तिच्या विरोधात होता. शेवटी 1888 मध्ये दादाजीला 2000 रुपये देऊन तडजोड झाली. पुढे लंडनला शिकून त्या डॉ. रखमाबाई झाल्या, सुरतेत अनेक वर्षं त्यांनी बायकांचा दवाखाना सांभाळला.

कायदा मात्र आमच्या सॉफ्टवेअरसारखा, काहीतरी मोडल्यावरच पॅच येणार. 1890 मध्ये कलकत्त्यात फुलमणी नावाच्या कोवळ्या मुलीचा नवऱ्याच्या जबरदस्तीने जीव गेला, तेव्हा 1891 मध्ये संमतिवय 10 वरून 12 झालं. मुलींचं लग्नाचं वय 1929 च्या शारदा कायद्याने 14, 1949 मध्ये 15 आणि 1978 मध्ये 18. एकेका आकड्यासाठी किती वर्षं!

रखमाबाई जिंकली असं आपण म्हणतो. पण जो नकार तिला 22व्या वर्षी कोर्टात द्यावा लागला, तो 11व्या वर्षी देण्याची सोयच नव्हती. कुणी विचारलंच नव्हतं. ती अकरा वर्षं कुठल्याच तडजोडीत परत मिळाली नाहीत.

असो. भाची सव्वानऊला उगवली, गुडघा फोडून. ओरडणार होतो, पण राहू दिलं. :-)