लुगोशीचा आवाज

बेला लुगोशी (१८८२–१९५६) या हंगेरियन नटाची कारकीर्द सहसा दोन अंकांत सांगितली जाते : 'ड्रॅक्युला'चे यश, आणि नंतर व्यसन व हलक्या दर्जाचे भयपट. टिम बर्टनच्या 'एड वुड'ने (१९९४) या दुसऱ्या अंकाला करुण झळाळी दिली. परंतु ही मांडणी नटाच्या आयुष्याविषयी बोलते, त्याच्या माध्यमाविषयी नाही. लुगोशीच्या बाबतीत निर्णायक क्षण १९१९चा आहे. त्या वर्षी त्याची भाषा सुटली.

१९१३मध्ये तो बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात दाखल झाला. तेथे वाट्याला आल्या त्या बहुतांशी दुय्यम भूमिका. १९१७पासून तो मूकपटांतही दिसू लागला, काही वेळा आरिस्तिद ओल्त या नावाने. १९१९च्या हंगेरियन सोव्हिएत प्रजासत्ताकात नटांची संघटना उभारण्यात त्याचा पुढाकार होता. १३३ दिवसांत बेला कुनची राजवट कोसळली, आणि लुगोशीला व्हिएन्नामार्गे बर्लिन गाठावे लागले. मूकपटाला उच्चार नसतो. त्यामुळे मुर्नाऊसारख्या दिग्दर्शकाकडेही त्याला काम मिळू शकले. अमेरिकेत मात्र तो पुन्हा रंगभूमीवर आला. १९२२मध्ये न्यूयॉर्कला 'द रेड पॉपी' या नाटकातील संवाद त्याने केवळ ध्वनी म्हणून पाठ केले, कारण इंग्रजी त्याला जवळजवळ अवगत नव्हती.

'ड्रॅक्युला' (रंगभूमीवर १९२७, पडद्यावर १९३१) या पार्श्वभूमीवर पाहिला पाहिजे. ब्रॅम स्टोकरच्या कादंबरीतील काउंटला परकेपणा लपवायचा असतो. लंडनमध्ये आपण उपरे ठरू नये, म्हणून तो इंग्रज पाहुण्याला ठेवून घेऊन उच्चार घोटतो. लुगोशीने नेमके उलट केले. प्रत्येक शब्द सुटा, स्वर लांबवलेले, विराम अनपेक्षित ठिकाणी : येथे परकेपण हेच भयाचे द्रव्य झाले. बोलपट येताच एमिल यानिंग्जसारखा मान्यवर नट उच्चारांपायी जर्मनीस परतला. लुगोशीला त्याच उच्चारांनी प्रतिष्ठा दिली. तिची किंमतही त्यांनीच वसूल केली. सामान्य इंग्रजी बोलणारा माणूस साकारण्याची वाट त्याला जवळपास बंद झाली.

पुढील इतिहास विलक्षण आहे, आणि समीक्षेने त्याची पुरेशी दखल घेतलेली नाही. 'सन ऑफ फ्रँकेन्स्टाईन'मध्ये (१९३९) त्याने फाशीतून वाचलेला, मान मोडलेला इगोर उभा केला. त्या घोगऱ्या आवाजात ड्रॅक्युलाची छायाही नाही. अनेकांच्या मते ही त्याची सर्वोत्तम भूमिका, आणि ते पटण्यासारखे आहे. १९४२च्या पुढील भागात इगोरचा मेंदू राक्षसाच्या देहात बसवला जातो : देह लॉन चेनी ज्युनिअरचा, आवाज लुगोशीचा. त्यानंतरच्या वर्षी राक्षसाची भूमिका खुद्द लुगोशीकडे आली. पण प्रदर्शनापूर्वी त्याचे सगळे संवाद कापण्यात आले. राक्षस आंधळा आहे हा खुलासाही त्यांच्याबरोबर गेला. उरले ते पुढे पसरलेल्या हातांचे, आता निरर्थक भासणारे चाचपडणे. समीक्षकांनी त्याला वाईट अभिनय म्हटले.

'द ब्लॅक स्लीप'मध्ये (१९५६) त्याला मुक्या नोकराची भूमिका मिळाली. ऑगस्ट १९५६मध्ये तो वारला. पुढे एड वुडने 'प्लॅन ९ फ्रॉम आउटर स्पेस'मध्ये त्याची जी थोडी दृश्ये वापरली, तीही ध्वनीविना चित्रित झालेली होती. उरलेल्या दृश्यांत दुसराच माणूस झग्याने तोंड झाकून वावरतो.