संमती कोण घडवितो? – ग्रामशी, त्रिस्तांव कुन्हा आणि नवी काबिजाद

मार्क्सवाद म्हणजे उत्पादनसाधने आणि वर्गकलह यांचे शास्त्र, अशी आपल्यापैकी पुष्कळांची समजूत असते. परंतु त्याच परंपरेत असा एक प्रश्न उपस्थित झाला की, जो धर्मगुरू आणि धर्मशिक्षक यांना थेट भिडतो. मूठभर सत्ताधाऱ्यांची सत्ता असंख्य लोक मान्य का करतात? सोजिराच्या भयाने, की ती सत्ता त्यांना मनोमन योग्य वाटते म्हणून? आणि तशी ती वाटावी हे काम कोण करतो? प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा विचार आम्ही गोमंतकाच्या, विशेषतः डिचोली महालातील सुर्ल्यासारख्या गावांच्या, इतिहासाच्या आधारे करणार आहोत.

हा प्रश्न मांडणारा अंतोनियो ग्रामशी सार्डिनिया बेटावर 22 जानेवारी 1891 रोजी जन्मला. नोव्हेंबर 1926 मध्ये मुसोलिनीच्या राजवटीने त्यास अटक केली. 1929 पासून त्याने तुरुंगात टिपणवह्या भरल्या. 27 एप्रिल 1937 रोजी तो मरण पावला आणि त्या वह्या युद्धोत्तर काळात, 1948 पासून, प्रसिद्ध होऊ लागल्या. त्याचा सिद्धांत थोडक्यात असा: सत्तेला दोन हात असतात, एक सक्तीचा आणि दुसरा संमतीचा. शाळा, वृत्तपत्रे, देवालये, संघटना यांच्याद्वारे एका वर्गाची जीवनदृष्टी सर्वांचीच सहजबुद्धी होऊन बसते. यालाच त्याने सांस्कृतिक धुरीणत्व म्हटले. हे धुरीणत्व जे घडवितात ते बुद्धिजीवी होत. पुस्तके लिहिणारेच तेवढे बुद्धिजीवी नव्हेत. शाळामास्तर, वकील, कारकून आणि गावचा पुरोहित हेही त्यांतलेच. त्यांपैकी काही जण आपण सर्व वर्गांपासून अलिप्त आहोत असे मानतात. त्यांना तो परंपरागत बुद्धिजीवी म्हणतो. काही मात्र उगवत्या वर्गाच्या पोटातूनच निपजतात आणि त्याला आत्मभान देतात.

ख्रिस्तसभेचा त्याने बारकाईने अभ्यास केला होता. पंडित आणि सामान्य श्रद्धावंत यांना एकाच कळपात राखण्याचे तिचे सामर्थ्य त्याला विशेष वाटे. मात्र दक्षिण इटलीतील पुरोहित जमीनमालकांच्या बाजूचा कसा होतो, हेही 1926 मधील आपल्या लेखात त्याने दाखविले.

ग्रामशीच्या वह्या छापल्या जाण्यापूर्वीच गोमंतकात जवळजवळ हाच विचार स्वतंत्रपणे मांडला गेला होता, ही गोष्ट आपल्याकडे फारशी लक्षात घेतली जात नाही. चांदर येथील कॅथलिक कुटुंबातील त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा हेही 1891 मध्येच जन्मले, पॅरिसला शिकले आणि 1928 मध्ये त्यांनी गोवा काँग्रेस समिती स्थापिली. 1944 मध्ये त्यांनी गोमंतकीयांच्या राष्ट्रीयत्वहरणावर पुस्तिका लिहिली. परकी राज्य केवळ तोफांवर टिकले नाही. धर्मांतर, शिक्षण आणि भाषा यांच्या योगे प्रजेला आपल्याच मुळांचा विसर पाडण्यात आला, असे त्यांचे प्रतिपादन होते. 1946 मध्ये त्यांना अटक झाली, आठ वर्षांची शिक्षा झाली आणि पोर्तुगालातील पेनिश किल्ल्यात त्यांची रवानगी झाली. पुढे पोर्तुगालातून निसटून त्यांनी मुंबई गाठली. 1958 मध्ये ते तेथेच निवर्तले.

कुन्हांच्या म्हणण्यास इतिहासाचा आधार आहे. फादर थॉमस स्टीफन्स यांचे मराठी ओवीबद्ध ‘ख्रिस्तपुराण’ 1616 मध्ये रायतूर येथे छापले गेले. पण 1684 मध्ये व्हाइसरॉयने फर्मान काढून लोकांनी तीन वर्षांत कोंकणी टाकून पोर्तुगीज अंगीकारावी असे ठरविले. ज्या सभेने लोकांच्या भाषेत सुवार्ता सांगितली, तिच्याच छायेत ती भाषा दडपली गेली. तरीही संमती कधी संपूर्ण नव्हती. कोंकणी घराघरांत टिकली. 1787 मध्ये कट करणाऱ्यांत फादर कोउतो आणि फादर गोन्साल्विस हे एतद्देशीय धर्मगुरूच अग्रभागी होते. राज्याने घडविलेला बुद्धिजीवी राज्याविरुद्ध उभा राहू शकतो, हा बोध कुन्हांच्या पुस्तिकेत काहीसा झाकला जातो.

हे झाले जुन्या काबिजादीचे. डिचोली आणि सत्तरी 1781–82 च्या सुमारास, पेडणे 1788 मध्ये पोर्तुगीजांकडे आले. धर्मांतराचा उत्साह तोवर ओसरला होता. देवळे आणि रूढी यांना हात न लावण्याचे धोरण ठरले. म्हणून सुर्ल्याच्या भागात परकी सत्ता दंडशक्तीने आली, मनात शिरली नाही. येथील बुद्धिजीवी पुराणिक, कीर्तनकार आणि मराठी शाळेचा मास्तर हे होते. शेजारच्या सत्तरीतील राण्यांची बंडे, विशेषतः 1852 चे दीपाजी राण्यांचे, या पार्श्वभूमीवर समजतात.

मुक्तीनंतर संमती नव्याने घडली. पेडण्याचे दयानंद बांदोडकर 20 डिसेंबर 1963 रोजी मुख्यमंत्री झाले. बहुजन समाज आणि मराठी यांच्या बळावर त्यांचा पक्ष उभा होता. गावोगाव मराठी शाळा निघाल्या, 1964 मध्ये कूळ कायदा झाला. 1967 च्या जनमत कौलात विलीनीकरण 34,021 मतांनी हरले, तरी त्यांचे नेतृत्व टिकले. ते स्वतः खाणमालक होते, हेही विसरता येत नाही. येथे ग्रामशीचे एक सूत्र प्रत्ययास येते: धुरीणत्व म्हणजे निव्वळ फसवणूक नव्हे, नेतृत्व करणारा वर्ग लोकांना काही खरोखरीच देतो.

सुर्ला हे लोहखनिजाच्या पट्ट्यातले गाव. खाणीने रोजगार दिला, ट्रक दिले. शेतात माती वाहून आली तीही खाणीचीच. 2012 मध्ये खाणी बंद पडल्या आणि फेब्रुवारी 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 88 खाणपट्टे रद्द ठरविले, तेव्हा खाणपट्ट्यातील पुष्कळांना आपला अन्नदाताच गेल्यासारखे वाटले. ही भावना खोटी नव्हती. पण शेत आणि झरा यांची किंमत त्या हिशेबात कोणी मांडली होती काय? ती मांडणे हे बुद्धिजीवीचे काम होय.

ग्रामशीने श्रद्धेकडे बाहेरून पाहिले. तिला केवळ संमतीचे साधन मानणे आम्हांस मान्य नाही. तथापि त्याचा प्रश्न चुकविता येणार नाही. आपण अलिप्त आहोत असे धर्मगुरूने म्हटल्याने तो अलिप्त होत नाही. प्रवचनात कोणती भाषा वापरावी, कोणाच्या देणगीवर मंदिर बांधावे, कोणाच्या दुःखाविषयी मौन पाळावे, या प्रत्येक निर्णयात तो कोणाची तरी संमती घडवीत असतो. कुन्हांना प्रश्न पडला तो चांदरच्या कॅथलिक घरात जन्मल्यामुळे. 1787 च्या पुरोहितांना पडला तो स्वतःच्या अपमानातून. इतरांचा अपमान पाहूनच तो पडावा, एवढी अपेक्षा आपल्याकडून करणे गैर नाही. धर्मशिक्षणाच्या वर्गात बसलेले खाणकामगाराचे मूल जगाचा अर्थ कोणाच्या डोळ्यांनी लावू लागेल, याचे उत्तर काही अंशी आपल्याच हाती आहे.