भाताची पेज आणि १९४३चा बंगाल

१/ भात वेळल्यावर पातेल्यातून जे पांढुरके, चिकटसर पाणी निघते, त्याला आपण पेज म्हणतो. बंगालीत त्याचे नाव 'फॅन'. १९४३ साली कलकत्त्याच्या रस्त्यांवर भुकेने व्याकूळ झालेली माणसे दारोदार हेच पाणी मागत फिरत होती. भात मागण्याची आशा त्यांनी सोडलेली होती. ही वेळ कशी आली?

२/ आधी त्या पाण्याविषयी. तांदळात पिष्टाचे सूक्ष्म कण असतात. पाणी साधारण ६० ते ७५ अंश सेल्सिअसपर्यंत तापले की हे कण फुगतात आणि त्यांतील अमायलोज पाण्यात उतरते. पास्ता उकळताना पाणी गढुळते, तेही याच कारणाने. आपल्याकडे पेजेची खळ कपड्यांना लावत. बंगालमध्ये फॅन बहुधा गुरांपुढे जाई.

३/ १९४२मध्ये जपानने ब्रह्मदेश घेतला आणि तिथून येणारा तांदूळ थांबला. शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून सरकारने किनारी जिल्ह्यांतील तांदळाचे साठे आणि नावा काढून घेतल्या. नदीनाल्यांच्या त्या मुलखात नाव गेली म्हणजे मासेमारी गेली आणि मालवाहतूकही गेली. ऑक्टोबरमध्ये मेदिनीपूरवर चक्रीवादळ आदळले.

४/ युद्धखर्चामुळे महागाई भडकली आणि साठेबाजीने तीत भर घातली. कलकत्त्यातील युद्धोपयोगी उद्योगांच्या कामगारांना स्वस्त धान्य मिळत होते. खेड्यातील शेतमजूर, कोळी आणि कारागीर यांची मिळकत मात्र तांदळाच्या भावापुढे कवडीमोल ठरली. तेच लोक गाव सोडून शहरात आले.

५/ शहरात चुली पेटत होत्या, भात वेळला जात होता. मूठभर तांदूळ कोणी सहजी देणार नव्हते. फॅन मात्र टाकूनच द्यायचे होते. म्हणून मागणे फॅनचे होते. पण फॅन म्हणजे बहुतांश पाणी आणि थोडे पिष्ट. त्यावर माणूस फार दिवस तगत नाही.

६/ २२ ऑगस्ट १९४३ रोजी 'द स्टेट्समन'चे संपादक इयन स्टीफन्स यांनी उपासमारीची छायाचित्रे छापली आणि झाकलेले सत्य जगापुढे आले. चित्रकार चित्तप्रसाद त्याच वर्षी मेदिनीपूरमध्ये फिरले. त्यांच्या 'हंग्री बेंगॉल' या सचित्र वृत्तान्ताच्या प्रती सरकारने जप्त केल्या. पुढे ते मुंबईत स्थायिक झाले.

७/ सरकारी चौकशी आयोगाने मृतांचा अंदाज १५ लाख दिला. नंतरचे अभ्यासक ३० लाखांच्या आसपास जातात. हा दुष्काळ बालवयात पाहिलेल्या अमर्त्य सेन यांनी १९८१च्या ग्रंथात दाखवले, की १९४३मधील धान्याची उपलब्धता आधीच्या पाच वर्षांच्या सरासरीहून सुमारे ५ टक्केच कमी होती, आणि १९४१हून ती अधिक होती. १९४१मध्ये मात्र दुष्काळ पडला नव्हता.

८/ सेन यांच्या निष्कर्षावर मतभेद आहेत, पण त्यांनी विचारलेला प्रश्न टाळता येत नाही: धान्य किती आहे, एवढे मोजून भागते का? ते विकत घेण्याची ऐपत कोणाची उरली, हेही मोजावे लागते. कलकत्त्यात एकाच घराच्या चुलीवर भात शिजत होता आणि त्याच घराच्या दाराशी पेजेसाठी डबा पुढे होत होता. दुष्काळ या दोहोंमधल्या अंतरात होता.