झ्वार्टफिस
झ्वार्टफिस : दुसऱ्या महायुद्धातील डच नौदलाची एक प्रसिद्ध पाणबुडी. डच भाषेतील या नावाचा अर्थ ‘तलवार मासा’ असा आहे. ६ ऑक्टोबर १९४४ रोजी तिने जावाच्या उत्तर किनाऱ्यालगत जर्मनीची यू-१६८ ही पाणबुडी बुडविली. एका पाणबुडीने दुसरीचा शोध घेऊन तिचा नाश करावा, असे प्रसंग त्या युद्धात मोजकेच घडले; त्यांत या घटनेची गणना होते.

मे १९४० मध्ये जर्मनीने नेदर्लंड्स जिंकून घेतल्यावर डच शासन लंडनला गेले व नौदलाच्या ज्या नौका निसटू शकल्या, त्या ब्रिटनच्या साहाय्याने लढत राहिल्या. पूर्वेकडे डच ईस्ट इंडीजच्या संरक्षणाची मदार मुख्यतः पाणबुड्यांवर होती. जपानने युद्ध पुकारताच त्या मलाया व बोर्निओच्या किनाऱ्यांवर धाडण्यात आल्या. त्यांनी प्रारंभी काही यशस्वी हल्ले केले; तथापि त्याची किंमतही जबर होती. एकट्या डिसेंबर १९४१ मध्ये ओ-१६, ओ-२०, के-१६ व के-१७ या चार पाणबुड्या नष्ट झाल्या. मार्च १९४२ मध्ये जावा पडल्यानंतर उरलेल्या नौकांना श्रीलंका व ऑस्ट्रेलियातील बंदरांचा आश्रय घ्यावा लागला. स्वदेशातील गोद्या शत्रूच्या ताब्यात असल्याने नव्या पाणबुड्या बांधणे डचांना अशक्य होते. म्हणून ब्रिटनने आपल्या काही पाणबुड्या त्यांना दिल्या.

झ्वार्टफिस ही त्यांपैकीच एक. ब्रिटिश ‘टी’ वर्गातील ही पाणबुडी बॅरो-इन-फर्नेस येथील व्हिकर्स-आर्मस्ट्राँग गोदीत ‘टॅलेंट’ या नावाने बांधण्यात आली व नोव्हेंबर १९४३ मध्ये डच नौदलात दाखल झाली. तिची लांबी सु. ८४ मी., पृष्ठभागावरील विस्थापन सु. १,२९० टन व पाण्याखालील सु. १,५६० टन होते. तिला अकरा पाणतीर-नलिका असून एक तोफही बसविलेली होती. लेफ्टनंट कमांडर गोसन्स यांच्या अधिपत्याखाली ती १९४४ मध्ये पूर्वेकडे आली व ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्यावरील फ्रीमँटल बंदरातून कामगिरीवर जाऊ लागली.

तिची प्रतिस्पर्धी यू-१६८ भारतीय जहाजवाहतुकीला अपरिचित नव्हती. हिंदी महासागरात धाडलेल्या ‘मॉन्सून’ गटातील या पाणबुडीने २ ऑक्टोबर १९४३ रोजी मुंबईच्या किनाऱ्यापुढील अरबी समुद्रात ‘हायचिंग’ हे ब्रिटिश मालवाहू जहाज बुडविले होते. पुढे मलायातील पेनांग हा तळ धरून तिने फेब्रुवारी १९४४ मध्ये आणखी जहाजांवर हल्ले केले. त्या वर्षीच्या उत्तरार्धात यू-१६८, यू-५३७ व यू-८६२ या तीन पाणबुड्या ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावर पाठविण्याचा बेत जर्मनांनी आखला. त्यासाठी हेल्मूट पिख याच्या नेतृत्वाखाली यू-१६८ बटेव्हियाहून (सध्याचे जाकार्ता) सुराबायाकडे निघाली. प्रवासाचा मार्ग व वेळ यांविषयीचे बिनतारी संदेश दोस्तांनी उकलले होते. झ्वार्टफिस त्या मार्गावर आधीच दबा धरून होती. त्यामुळे या चकमकीला निव्वळ योगायोग म्हणता येत नाही. तथापि जागा कळली म्हणून नेम साधतोच असे नाही, आणि ते श्रेय गोसन्स व त्यांच्या सहकाऱ्यांचेच आहे.

६ ऑक्टोबरच्या पहाटे यू-१६८ पृष्ठभागावरून जाताना परिदर्शकातून दिसली. गोसन्स यांनी एक किमी. हून कमी अंतरावरून सहा पाणतीर सोडले. काही लागले व जर्मन पाणबुडी तत्काळ बुडाली. जावा समुद्र तेथे उथळ असल्याने तळाशी गेलेल्या पाणबुडीतूनही काहीजण वर येऊ शकले. तेवीसजण मृत्युमुखी पडले व सत्तावीस वाचले. शत्रूच्या पाण्यात पृष्ठभागावर थांबून वाचलेल्यांना उचलून घेणे धोक्याचे होते. तरीही गोसन्स यांनी सर्वांना वर घेतले. परंतु आधीच दाटी असलेल्या पाणबुडीत इतक्या कैद्यांसह गस्त चालू ठेवणे शक्य नव्हते. म्हणून पिख व इतर काहीजणांना ठेवून घेऊन बाकीच्यांना एका स्थानिक मासेमारी नौकेवर उतरविण्यात आले. आपला सुगावा जपान्यांना लागणार, हे या निर्णयाने गृहीतच धरले होते. त्या वर्षी सागरी युद्धात असा विचार क्वचितच होत असे.

सुगावा लागण्याचा संभव असूनही गस्त थांबली नाही. १७ ऑक्टोबर रोजी जावा समुद्रातच झ्वार्टफिसने ‘इत्सुकुशिमा’ ही सुरुंग पेरणारी जपानी युद्धनौका बुडविली व तिच्यासमवेतच्या ‘वाकाताका’ या दुसऱ्या नौकेची मोठी हानी केली.

ऑस्ट्रेलियाच्या मोहिमेचा जर्मन बेत यानंतर विस्कटला. यू-५३७ नोव्हेंबरमध्ये अमेरिकेच्या ‘फ्लाउंडर’ पाणबुडीला बळी पडली व एकटी यू-८६२ ऑस्ट्रेलियापर्यंत पोहोचली. डच पाणबुड्यांनी शत्रूच्या पाणबुड्या याआधीही बुडविल्या होत्या : ओ-२१ ने नोव्हेंबर १९४१ मध्ये जिब्राल्टरजवळ जर्मन यू-९५, तर ‘डॉल्फिन’ने फेब्रुवारी १९४३ मध्ये भूमध्य समुद्रात इटलीची ‘मालाकीते’. पण झ्वार्टफिसच्या यशाला डचांच्या लेखी वेगळे मोल आले, कारण गमावलेल्या वसाहतीच्या दारात ते मिळाले होते. जावातील लोकांच्या दृष्टीने मात्र हा एका परक्या सत्तेने दुसऱ्या परक्या सत्तेवर मिळविलेला विजय होता. १७ ऑगस्ट १९४५ रोजी इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केले.

युद्धानंतरही ही पाणबुडी डच नौदलात राहिली. डच शुद्धलेखनातील बदलांना अनुसरून १९५० मध्ये तिच्या नावातील अखेरची अक्षरे कमी करण्यात आली. उच्चार तोच राहिला. १९६२ मध्ये ती सेवेतून निवृत्त झाली व पुढील वर्षी मोडीत निघाली. तिचे नाव १९७२ मध्ये दाखल झालेल्या, अश्रुबिंदूच्या आकाराचा सांगाडा असलेल्या नव्या डच पाणबुडीला देण्यात आले.