लेण्यांच्या पायथ्याचं गाव

वेरूळ म्हटलं की आपल्याला लेणीच आठवतात. कैलास, आठवं शतक, राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला... एवढ्यात वीकेंड संपतो. पण पायथ्याशी एक गावही आहे राव! शिवाजी महाराजांचे पणजोबा बाबाजी भोसले इथलेच पाटील.

पाटील म्हणजे सिनेमातला मिशांना पीळ देणारा नव्हे. सारा वसूल करायचा, तंटे मिटवायचे. हिशोब कुलकर्ण्याकडे. बाकी कारभार मराठी मुलखातल्या कुठल्याही गावासारखाच. सुतार नांगर दुरुस्त करी, कुंभार मडकी देई, न्हावी हजामत करी. रोख मजुरी नाही. सुगीत खळ्यावर धान्याचा वाटा मिळे, तेच बलुतं. म्हणजे वार्षिक पॅकेज, पण ज्वारीत! फक्त यात राजीनाम्याची सोय नव्हती, काम जातीनं ठरलेलं. गावाची शीव राखणारा महार स्वतः मात्र गावकुसाबाहेर राहायचा.

बाबाजींचे पुत्र मालोजीराजे. त्यांनी घृष्णेश्वराचा जीर्णोद्धार केला, अठराव्या शतकात अहिल्याबाई होळकरांनी पुन्हा. ही नावं आपल्याला पाठ असतात. देवळाचा दगड घडवणाऱ्या पाथरवटाचं नाव मात्र आपण कधी विचारतही नाही.

पुढच्या वेळी वेरूळला गेलात, तर मालोजीराजांची गढी जरूर बघा. आणि तिथं उभं राहून पाटलासोबत त्याच्या गावाचाही विचार करा.