परिमेय संख्यांच्या नियमांची उपपत्ती

ज्या संख्येस क/ख असे रूप देता येते (क व ख पूर्णांक आणि ख शून्येतर), तीस परिमेय संख्या म्हणतात. अपूर्णांकांची बेरीज, गुणाकार इ. कृत्ये अतिप्राचीन काळापासून प्रचारात आहेत. परंतु ही कृत्ये नेहमी निःसंदिग्ध उत्तर का देतात, याची सिद्धता बरीच अलीकडची आहे.

इ. स. पू. सु. १६५० मधील ऱ्हाइंड पपायरसात १०१ पर्यंतच्या विषम संख्यांनी २ ला भागून येणारी फले एकांश अपूर्णांकांच्या बेरजेने दिली आहेत; उदा., २/५ = १/३ + १/१५. ईजिप्शियनांना २/३ वगळता अंशस्थानी १ हाच अंक मान्य होता. ग्रीकांनी गुणोत्तर ही संख्या मानली नाही. तरीही यूक्लिड (इ. स. पू. सु. ३००) यांच्या मूलतत्त्वे या ग्रंथाच्या सातव्या खंडातील एकोणिसावे प्रमेय येथे महत्त्वाचे आहे : चार संख्या प्रमाणात असतील, तर पहिली व चौथी यांचा गुणाकार दुसरी व तिसरी यांच्या गुणाकाराइतका असतो आणि याचा व्यत्यासही खरा असतो. अपूर्णांकांच्या समानतेची आजची कसोटी हीच होय.

भारतात अपूर्णांकास ‘भिन्न’ म्हणत. अंश वर व छेद खाली लिहीत, मात्र मध्ये रेघ नसे. ब्रह्मगुप्त यांच्या ब्राह्मस्फुटसिद्धांतात (६२८) भाजकाचे अंश व छेद उलटवून गुणण्याचा नियम आहे. राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळातील महावीर यांनी गणितसारसंग्रहात (सु. ८५०) छेदांच्या लघुतम साधारण विभाज्यास ‘निरुद्ध’ अशी संज्ञा दिली. दुसरे भास्कराचार्य यांच्या लीलावतीत (११५०) समच्छेद, भागजाति, प्रभागजाति इ. प्रकार व्यवस्थित मांडले आहेत. हे ग्रंथ सूत्रमय असल्याने त्यांत कारणे क्वचितच आढळतात; ती टीकाकारांनी पुरविली. कोकणातील नंदिग्राम (सध्याचे नांदगाव) येथील गणेश दैवज्ञ यांची बुद्धिविलासिनी (१५४५) ही लीलावतीवरील टीका अशा उपपत्तींसाठी प्रसिद्ध आहे.

शून्य छेदाचा प्रश्न मात्र सुटला नाही. ब्रह्मगुप्तांनी ०/० = ० मानले. भास्कराचार्यांनी शून्य छेद असलेल्या राशीस ‘खहर’ म्हटले व तीत काहीही मिळविले किंवा वजा केले तरी ती बदलत नाही असे सांगितले. हे प्रयत्न चुकीचे म्हणून हसण्यावारी नेणे योग्य नाही. अडचण खरी होती आणि ती कोठे आहे हे समानतेची व्याख्या नेमकी केल्याशिवाय दिसत नाही.

आधुनिक विवेचनात क/ख ही पूर्णांकांची क्रमित जोडी मानतात व क × घ = ग × ख असेल तेव्हाच क/ख = ग/घ असे म्हणतात. आता क/ख = ग/घ आणि ग/घ = च/छ असल्यास क/ख = च/छ हे सिद्ध करावे लागते. पहिल्या समीकरणास छ ने व दुसऱ्यास ख ने गुणल्यास क × घ × छ = ग × ख × छ = च × घ × ख मिळते; घ शून्य नसल्याने तो काढून टाकता येतो व क × छ = च × ख उरते. घ शून्य चालत असता, तर ०/० ही जोडी १/२ शी आणि १/३ शीही समान ठरली असती. प्राचीनांची अडचण नेमकी या पायरीत होती.

बेरजेची व्याख्या (क × घ + ख × ग)/(ख × घ) अशी करतात. येथेही एक सिद्धता हवी. क/ख ऐवजी समान असलेला च/छ आणि ग/घ ऐवजी समान असलेला ज/झ घेतला, तरी उत्तर समानच आले पाहिजे. क × छ = च × ख आणि ग × झ = ज × घ असल्याने
(क × घ + ख × ग) × छ × झ = क × छ × घ × झ + ग × झ × ख × छ
= च × ख × घ × झ + ज × घ × ख × छ = (च × झ + छ × ज) × ख × घ.
ही औपचारिकता नव्हे. विद्यार्थी पुष्कळदा अंशात अंश व छेदात छेद मिळवितात. त्या रीतीने १/२ व १/३ यांपासून २/५ येतो. पण १/२ च्या जागी २/४ लिहिताच ३/७ येतो. म्हणून ते संख्यांवरील कृत्यच ठरत नाही. गुणाकाराची सिद्धता याहून सोपी आहे. क्रमनिरपेक्षता, साहचर्य व वितरण हे गुणधर्म पूर्णांकांच्या त्याच गुणधर्मांवरून मिळतात.

एर्न्स्ट श्टाइनिट्स यांनी १९१० मध्ये दाखविले की, ज्या क्रमनिरपेक्ष संहतीत एकक घटक असतो व दोन शून्येतर घटकांचा गुणाकार कधीही शून्य होत नाही, अशा कोणत्याही संहतीपासून याच रीतीने क्षेत्र रचता येते. बहुपदींपासून परिमेय फलने मिळतात ती अशीच. एडमुंट लांडाऊ यांनी १९३० मधील आपल्या छोट्या ग्रंथात पेआनो यांच्या गृहीतकांपासून सुरुवात करून धन अपूर्णांकांची अशी रचना शून्य व ऋण संख्या आणण्यापूर्वीच केली; त्यामुळे तेथे शून्य छेदाचा प्रश्न उद्भवतच नाही.